घरातला कायदा आणि विद्यार्थ्यांची लेखणी

(मंडळाच्या विद्यार्थी मेळाव्यात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



मंडळाने आम्हांला विषय दिला तो 'कौटुंबिक कायदा आणि विद्यार्थी' असा. त्या विषयात आम्ही एका शब्दाची भर घालणार आहोत. तो शब्द म्हणजे 'नियतकालिक'. कायद्याचे शिक्षण घेणाऱ्या मुलामुलींनी स्वतः चालविलेले, स्वतः तपासलेले आणि केवळ घरसंसाराच्या कायद्याला वाहिलेले नियतकालिक. आज आपल्या समाजात विधी शाखेकडे जाणाऱ्या विद्यार्थ्यांची संख्या वाढते आहे. कित्येकांच्या घरात काळा कोट प्रथमच आला आहे. अशा वेळी या मुलांनी परीक्षा आणि सनद यांच्या जोडीला आणखी कोणते काम हाती घ्यावे, याचा विचार व्हावा म्हणून आम्ही हा विषय आपणापुढे मांडीत आहोत.

प्रथम कौटुंबिक कायदा म्हणजे काय, ते पाहू. लग्न, घटस्फोट, पोटगी, मुलांचा ताबा, पालकत्व, दत्तक आणि वारसा हे त्याचे विषय. खुनाचा खटला गावात एखाद्याच घरावर येतो. जमिनीचा दावा ज्याला जमीन आहे त्याच्याच वाट्याला येतो. परंतु हा कायदा ज्याच्यापाशी काहीही नाही त्याच्याही घरात असतो, कारण लग्न, मूल आणि मरण कोणालाच चुकलेले नाही. असे असूनही, वकिलांत हा कायदा बराच काळ दुय्यम मानला गेला. नवराबायकोची भांडणे, त्यात शास्त्र ते काय, अशी समजूत. ही समजूत मोडून काढण्याच्या कामी विद्यार्थ्यांच्या नियतकालिकांचाही हातभार लागला आहे, तो कसा हे सांगण्यासाठी आम्हांला थोडे दूर, अमेरिकेत जावे लागेल.

वैद्यक, रसायन, अर्थशास्त्र या विषयांची नियतकालिके सर्वत्र नाणावलेले प्राध्यापक चालवितात. अमेरिकेत कायद्याच्या बाबतीत मात्र वेगळीच रीत पडली. १८८७ साली हार्वर्ड विद्यापीठाच्या विधी महाविद्यालयातील काही विद्यार्थ्यांनी 'हार्वर्ड लॉ रिव्ह्यू' सुरू केले. पैशाची जुळवाजुळव करण्यास लुई ब्रँडाइस नावाच्या तरुण माजी विद्यार्थ्याने मदत केली. हेच ब्रँडाइस पुढे १९१६ साली त्या देशाच्या सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती झाले. त्यानंतर तेथील बहुतेक विधी महाविद्यालयांतून अशी नियतकालिके निघू लागली. लेख प्राध्यापकांचे, न्यायाधीशांचे, वकिलांचे आणि विद्यार्थ्यांचेही. पण कोणता लेख घ्यावा, कोणता परत पाठवावा आणि घेतलेल्या लेखात कोठे दुरुस्ती करावी, हे ठरविणार विद्यार्थी.

या नियतकालिकांची कामाची पद्धत समजून घेण्यासारखी आहे. साधारणतः दुसऱ्या वर्षाचे विद्यार्थी तपासनीस असतात आणि तिसऱ्या वर्षाचे विद्यार्थी संपादक. लेख हाती आला की त्यातील प्रत्येक विधान तपासायचे. लेखकाने 'अमुक निकालात न्यायालयाने असे म्हटले' असे लिहिले असेल, तर विद्यार्थ्याने ग्रंथालयात जाऊन तो खंड काढायचा, ते पान उघडायचे आणि न्यायालय खरोखर तसे म्हणाले का, ते पाहायचे. लेखक कितीही मोठा असो, त्याची सुटका नाही. संदर्भ एकाच पद्धतीने लिहिले जावेत म्हणून १९२६ साली हार्वर्डच्या विद्यार्थ्यांनी एक छोटी पुस्तिका तयार केली. पुढे तीत कोलंबिया, येल आणि पेनसिल्व्हेनिया या विद्यापीठांचे विद्यार्थीही सामील झाले. 'ब्लूबुक' या नावाने ती आजही वापरात आहे. वीस-बावीस वर्षांच्या मुलांनी घालून दिलेला नियम तेथील मोठमोठे प्राध्यापक पाळतात, हे लक्षात घ्या.

आता कोणी म्हणेल, मुलांनी छापलेल्या अंकाची किंमत ती काय? त्याचे उत्तर म्हणून एकच उदाहरण देतो. १८९० च्या डिसेंबरात या हार्वर्डच्या नियतकालिकात सॅम्युअल वॉरन आणि लुई ब्रँडाइस या दोन वकिलांचा लेख आला. विषय होता, माणसाचा खाजगीपणाचा हक्क. त्या लेखाला सुरू होऊन चार वर्षेही न झालेल्या विद्यार्थ्यांच्या नियतकालिकाने जागा दिली. २४ ऑगस्ट २०१७ रोजी आपल्या सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी पुट्टस्वामी खटल्यात खाजगीपणा हा मूलभूत हक्क असल्याचा निर्णय दिला, तेव्हा त्या निकालपत्रात या लेखाची चर्चा आली आहे. म्हणजे मधे तब्बल १२६ वर्षे गेली होती! छापलेला आणि नीट तपासलेला शब्द असा टिकतो.

ब्रँडाइस यांचे जन्मगाव केंटकी राज्यातील लुईव्हिल. याच गावच्या विद्यापीठाच्या विधी महाविद्यालयातून १९६१ साली 'जर्नल ऑफ फॅमिली लॉ' हे विद्यार्थी-संपादित नियतकालिक निघू लागले. नावाप्रमाणेच ते कौटुंबिक कायद्याला वाहिलेले होते. काळ कसा होता पाहा. गोऱ्या आणि काळ्या माणसांच्या आपसातील विवाहावरची बंदी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९६७ साली उठविली. जोडीदाराचा दोष सिद्ध न करता घटस्फोट देणारा कायदा कॅलिफोर्निया राज्यात १९७० च्या जानेवारीपासून अमलात आला. घराच्या चार भिंतींतील गोष्टी न्यायालयापुढे येऊ लागल्या होत्या आणि त्याच दशकाच्या आरंभी एका विधी महाविद्यालयाने हा विषय स्वतंत्र अभ्यासाचा मानला. कालांतराने या नियतकालिकाचे नाव आणि स्वरूप बदलले. ते आज विद्यापीठाचे सर्वसाधारण विधी-नियतकालिक आहे. परंतु घरसंसाराच्या कायद्यालाही स्वतंत्र नियतकालिकाची प्रतिष्ठा असू शकते, ही गोष्ट त्याने दाखवून दिली.

याच विषयाच्या शेजारचे दुसरे उदाहरण न्यू जर्सी राज्यातील नेवार्क शहराचे. १९७० साली तेथे 'विमेन्स राइट्स लॉ रिपोर्टर' सुरू झाले. स्त्रियांच्या हक्कांच्या कायद्याला वाहिलेले हे नियतकालिक रटगर्स विद्यापीठाच्या विद्यार्थिनींनी उचलून धरले. रूथ बेडर गिन्सबर्ग तेव्हा तेथे शिकवीत असत. त्या या नियतकालिकाच्या मार्गदर्शक प्राध्यापिका होत्या. याच सुमारास त्यांनी एका आईच्या बाजूने सर्वोच्च न्यायालयातील लेखी युक्तिवाद तयार केला. मुलगा वारला होता आणि त्याच्या मालमत्तेची व्यवस्था आईने पाहावी की बापाने, हा प्रश्न होता. आयडाहो राज्याचा कायदा म्हणत होता की, दोघे सारख्याच नात्याचे असतील तर पुरुषाला प्राधान्य द्यावे. १९७१ साली सर्वोच्च न्यायालयाने तो कायदा समानतेच्या तत्त्वाविरुद्ध ठरविला. गिन्सबर्ग स्वतः १९९३ साली त्या न्यायालयाच्या न्यायमूर्ती झाल्या. शिक्षण, लेखन आणि न्यायालय ही तीन कामे एकमेकांना अशी बळ देतात.

आणखी एक नाव आपल्या विद्यार्थ्यांनी लक्षात ठेवावे. चार्ल्स हॅमिल्टन ह्यूस्टन. हार्वर्ड लॉ रिव्ह्यूच्या संपादक मंडळावर निवडून आलेले ते पहिले कृष्णवर्णीय विद्यार्थी. शिक्षण संपल्यावर ते हॉवर्ड विद्यापीठात कायदा शिकवू लागले. शाळांतील वर्णभेदाविरुद्धची न्यायालयीन लढाई त्यांनी आखली आणि त्यांचे शिष्य थर्गुड मार्शल यांनी ती पुढे नेली. १९५४ साली सर्वोच्च न्यायालयाने सरकारी शाळांतील वर्णभेद घटनाबाह्य ठरविला, तेव्हा ह्यूस्टन हयात नव्हते. ज्या समाजाला लिहिण्या-वाचण्यापासून दूर ठेवले गेले, त्या समाजातील मुलगा दुसऱ्याच्या लेखातील पुरावा तपासण्याच्या जागेवर बसला, याचा अर्थ आपल्याला अधिक फोड करून सांगण्याची गरज नाही.

आपल्याकडचे उदाहरण तर याहून जवळचे आहे. ९ मे १९१६ रोजी न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात डॉ. गोल्डनवायझर यांच्या चर्चासत्रात पंचवीस वर्षांच्या एका भारतीय विद्यार्थ्याने भारतातील जातिसंस्थेवर निबंध वाचला. तो विद्यार्थी म्हणजे भीमराव रामजी आंबेडकर. पुढील वर्षी, १९१७ च्या मे महिन्यात, हा निबंध 'इंडियन अँटिक्वेरी' या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. आपण सारे त्याला जातीवरचा निबंध म्हणून ओळखतो. पण तो काळजीपूर्वक वाचला तर दिसते की, त्याचा गाभा विवाह आहे. जातीतल्या जातीत लग्न करण्याचे बंधन हाच जातीचा प्राण, असे बाबासाहेबांनी त्यात मांडले. सती, सक्तीचे वैधव्य आणि बालविवाह या चालींचा उलगडा त्यांनी त्याच बंधनातून केला. म्हणजे समाजाचा अन्याय लग्नाच्या मांडवातून कसा चालत येतो, हे त्यांनी विद्यार्थिदशेतच पाहिले होते. पुढे देशाचे कायदामंत्री म्हणून त्यांनी हिंदू कोड बिलासाठी जिवाचे रान केले आणि ते पुढे सरकेना म्हणून १९५१ च्या सप्टेंबरात मंत्रिपदाचा राजीनामा दिला. निबंध आणि राजीनामा यांत पस्तीस वर्षांचे अंतर आहे, परंतु धागा एकच आहे. विद्यार्थ्याने लिहिलेला एक नेटका निबंध आयुष्यभराच्या कामाचा पाया होऊ शकतो, याचा याहून मोठा दाखला आम्हांला ठाऊक नाही.

बंधू-भगिनींनो, आता आपल्या घरी येऊ.

१९५५ चा हिंदू विवाह कायदा हा त्याच हिंदू कोड बिलाचा एक भाग. त्याच्या कलम २ नुसार तो बौद्ध, जैन आणि शीख यांनाही लागू आहे. कलम ७ म्हणते की, विवाह दोहोंपैकी कोणत्याही पक्षाच्या रूढीप्रमाणे असलेल्या विधींनी लावता येतो. जेथे त्या विधींत सप्तपदी असेल, तेथे सातव्या पावलाला विवाह पूर्ण होतो. आपल्या विवाहात सप्तपदी नाही, होमही नाही. बौद्धाचार्य किंवा भन्ते असतात, त्रिशरण-पंचशील होते, वधू-वर प्रतिज्ञा घेतात. मग हीच आपली रूढी. परंतु कलम ३ मध्ये रूढीची व्याख्या दिली आहे. ती दीर्घकाळ, सातत्याने आणि एकसारखी पाळलेली असावी, निश्चित असावी, गैरवाजवी नसावी. विरुद्ध बाजूचा वकील येथेच बोट ठेवू शकतो. तुमचा हा विधी केव्हापासूनचा? तो सगळीकडे सारखाच आहे काय? पुरावा दाखवा.

हा पुरावा किती महत्त्वाचा असतो, ते पाहा. महाराष्ट्रातून सर्वोच्च न्यायालयात गेलेला दुसऱ्या लग्नाचा एक खटला १९६५ साली निकालात निघाला. पहिली बायको हयात असता नवऱ्याने दुसरे लग्न लावले, अशी तक्रार होती. खालच्या न्यायालयांनी शिक्षा दिली. सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. कारण दुसऱ्या लग्नाचे आवश्यक विधी झाले हे सिद्ध झाले नाही, आणि ते विधी नकोत अशी त्या समाजात रूढी आहे हेही सिद्ध झाले नाही. विधीच सिद्ध नाही म्हणून कायद्याच्या दृष्टीने दुसरे लग्न नाही, आणि लग्न नाही म्हणून गुन्हा नाही. पहिल्या बायकोच्या हाती काय राहिले, ते आपण समजू शकता. अगदी अलीकडे, १९ एप्रिल २०२४ च्या निकालात, सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, विधी न होता केवळ नोंदणीचे प्रमाणपत्र घेतल्याने हिंदू विवाह कायद्याखाली विवाह होत नाही. म्हणजे कागद हवा आणि विधीचा पुरावाही हवा.

याला दुसरी बाजूही आहे आणि ती विद्यार्थ्यांनी आवर्जून समजून घ्यावी. पोटगीच्या अर्जात लग्नाचा इतका काटेकोर पुरावा लागत नाही. पतिपत्नी म्हणून दोघे राहत होते, हे दिसून आले तरी न्यायालय पुढे जाऊ शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९९ आणि २०१८ च्या निकालांत म्हटले आहे. लग्न तेच, मात्र फौजदारी शिक्षेसाठी मोजमाप कडक आणि पोटगीसाठी सैल. हा फरक माहीत नसल्यामुळे कित्येक बहिणी पोटगीचा अर्जच करीत नाहीत. 'वकीलसाहेब, आमच्या लग्नाचा दाखलाच नाही,' एवढे सांगून त्या परत जातात. पूर्वी हा अर्ज फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ खाली होत असे. १ जुलै २०२४ पासून तो भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ खाली होतो. एवढीच माहिती दोन पानांत सोप्या मराठीत छापून वस्तीत वाटली, तरी किती घरांत उजेड पडेल!

आम्ही काही वकील मंडळी कौटुंबिक प्रकरणांत सल्ला देण्याचे काम करतो. तेथे एक गोष्ट वारंवार दिसते. लोक लग्नाचा आल्बम घेऊन येतात. दोनशे फोटो असतात. हळदीचे, वरातीचे, जेवणावळीचे, मामाचे, आत्याचे. पण विवाह लावणारे बौद्धाचार्य कोण, त्यांनी कोणता विधी केला, साक्षीदार म्हणून सह्या कोणी केल्या, हे विचारले की सारे एकमेकांकडे पाहतात. तीस वर्षांपूर्वीची लग्नपत्रिका एखाद्या आजीच्या ट्रंकेत सापडते आणि तीच सर्वांत मोलाची ठरते. आपल्या विवाहविधीला आता सुमारे सत्तर वर्षे झाली आहेत. पिढ्यामागून पिढ्या त्या विधीने संसाराला लागल्या. रूढी आहे, तिची नोंद मात्र विखुरलेली आहे.

नवा विधी स्वीकारणारे आपण पहिलेच नव्हेत. शीख बांधवांच्या विवाहविधीबाबतची शंका १९०९ च्या आनंद विवाह कायद्याने दूर केली. आर्य समाजी विवाहांसाठी १९३७ साली कायदा झाला. तामिळनाडूत पेरियार यांच्या स्वाभिमान चळवळीतील विवाह पुरोहिताविना होत. ते वैध नाहीत, असा निकाल मद्रास उच्च न्यायालयाने दिला होता. पुढे अण्णादुराई मुख्यमंत्री असताना १९६७ च्या दुरुस्तीने हिंदू विवाह कायद्यात त्या राज्यापुरते कलम ७-अ घातले गेले, आणि पूर्वी झालेल्या विवाहांनाही मान्यता मिळाली. आपल्यातही बौद्ध विवाहासाठी स्वतंत्र कायदा असावा, अशी मागणी अनेक वर्षे होत आली आहे. त्यावर मतभेदही आहेत. आज येथे त्या वादाचा निकाल लावण्याचा आमचा हेतू नाही. आम्ही एवढेच म्हणतो की, कायदा मागायचा असो वा असलेल्या कायद्याखाली हक्क सिद्ध करायचा असो, दोन्हींसाठी नोंद लागते, अभ्यास लागतो. तो अभ्यास कोण करणार?

आम्ही म्हणतो, आपल्या विद्यार्थ्यांनी करावा आणि तो नियतकालिकातून प्रसिद्ध करावा. बंगळूरच्या राष्ट्रीय विधी विद्यालयासारख्या संस्थांतून विद्यार्थ्यांची दर्जेदार नियतकालिके निघतात. ती इंग्रजीत असतात आणि तशी असणे स्वाभाविक आहे. तालुक्याच्या न्यायालयात उभ्या राहणाऱ्या बाईपर्यंत मात्र ती पोहोचत नाहीत. १९८४ च्या कौटुंबिक न्यायालय कायद्याच्या कलम १३ प्रमाणे तेथे पक्षकाराला हक्क म्हणून वकील लावता येत नाही. न्यायालयाने ठरविले तर लावता येतो. म्हणजे आपली बाजू कित्येकदा स्वतःच मांडायची पाळी येते. अशा पक्षकाराला समजेल, वकिलाला उपयोगी पडेल आणि न्यायाधीशापुढे ठेवता येईल, असे लेखन मराठीत हवे.

या नियतकालिकात काय असावे? आमच्या मते तीन विभाग पुरेत. पहिला विभाग रूढींच्या नोंदीचा. प्रत्येक विद्यार्थ्याने आपल्या गावातील किंवा वस्तीतील ज्येष्ठांना भेटावे. १९५६ नंतरचे पहिले बौद्ध विवाह कसे झाले, कोणी लावले, कोणता विधी झाला, पुढे त्यात काय बदलले, हे विचारून लिहून घ्यावे. सांगणाऱ्याची संमती घ्यावी, तारीख घालावी, पत्रिका आणि नोंदवही यांची प्रत जोडावी. विधीत गावोगावी फरक आढळला, तर तो लपवू नये. खऱ्या नोंदीत फरकही येतात.

दुसरा विभाग निकालांचा. उदाहरणार्थ, ४ नोव्हेंबर २०२० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने पोटगीच्या प्रकरणांत दोन्ही पक्षांनी आपले उत्पन्न आणि मालमत्ता यांचे प्रतिज्ञापत्र द्यावे आणि पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यावी, असे सांगितले. ११ ऑगस्ट २०२० च्या निकालाने मुलीचा वडिलोपार्जित मालमत्तेतील जन्मसिद्ध हिस्सा स्पष्ट केला. ९ सप्टेंबर २००५ रोजी वडील हयात असण्याची अट राहिली नाही. असे निकाल मूळातून वाचून त्यांचा सारांश द्यावा. तिसरा विभाग वादाचा. स्वतंत्र विवाह कायदा हवा की नको, समान नागरी कायद्याने आपले काय साधेल, अशा प्रश्नांवर दोन्ही बाजूंचे लेख शेजारी शेजारी छापावेत.

त्याचबरोबर काही पथ्ये कसोशीने पाळली पाहिजेत. एकाने लिहिलेले दुसऱ्याने मूळ कागदावरून तपासल्याशिवाय छापू नये. वर्तमानपत्रात वाचलेला निकाल म्हणजे निकाल नव्हे. आणि सर्वांत महत्त्वाचे पथ्य गुप्ततेचे. हिंदू विवाह कायद्याच्या कलम २२ प्रमाणे या कायद्याखालील कामकाज बंद दाराआड चालते. त्याचा मजकूर छापण्यास मनाई आहे. अपवाद आहे तो न्यायालयाच्या परवानगीने छापलेल्या उच्च आणि सर्वोच्च न्यायालयांच्या निकालांचा. तेव्हा शेजारच्या घरातील भांडण अंकात आणावयाचे नाही. नाव बदलले तरी गाव ओळखते, हे विसरू नये. कोणाच्या दुःखाचा तमाशा करून मिळविलेले ज्ञान आपल्याला नको आहे.

यावर आक्षेप येतील, ते आम्ही जाणून आहोत. पहिला आक्षेप, मुलांना काय कळते? हा आक्षेप अमेरिकेतही घेतला गेला. येल विद्यापीठाचे प्राध्यापक फ्रेड रोडेल यांनी १९३६ साली विधी-नियतकालिकांवर सडकून टीका केली. त्यांची भाषा जड असते आणि मजकूर लोकांच्या उपयोगाचा नसतो, असे त्यांचे म्हणणे. गंमत अशी की, ही टीका व्हर्जिनिया विद्यापीठाच्या विद्यार्थ्यांनीच आपल्या नियतकालिकात छापली. टीकेला जागा देण्याइतकी समज त्या मुलांना होती, हेच त्या आक्षेपाचे उत्तर. रोडेल यांचा इशारा मात्र आपण गाठीशी बांधावा. 'उपरिनिर्दिष्ट' आणि 'तत्सम' यांची खोगीरभरती करून कोणी विद्वान होत नाही. आपला अंक आपल्या आईला वाचून दाखवावा आणि तिला कळला नाही, तर पुन्हा लिहावा.

दुसरा आक्षेप पैशाचा. सुरुवातीला वर्षातून एक अंक, बत्तीस पाने, एवढे पुरे. मंडळाच्या स्मरणिकेला ज्या जाहिराती मिळतात, त्यांतील थोडा वाटा या कामाला दिला तरी भागेल. तिसरा आक्षेप वेळेचा. परीक्षा सांभाळून हे कसे जमावे? विद्यार्थी मित्रांनो, एक निकाल मूळातून वाचून, त्याचा सारांश लिहून, तो दुसऱ्याकडून तपासून घेतला की तो विषय परीक्षेसाठी पुन्हा वाचावा लागत नाही. पुढे न्यायालयात उभे राहाल तेव्हा ही सवय तुमच्या कामी येईल. समोरच्या वकिलाने निकालाचा चुकीचा दाखला दिला, तर ज्याने मूळ पान पाहिले आहे तोच उठून बोलू शकतो.

ज्येष्ठांनाही आमची विनंती आहे. विहारातील विवाह नोंदवही कपाटात बंद असेल तर ती उघडा. फाटली असेल तर शिवून घ्या. मुले विचारायला येतील तेव्हा त्यांना वेळ द्या. पुढे होणाऱ्या प्रत्येक विवाहात विधीचा तपशील, बौद्धाचार्यांचे नाव आणि दोन्हीकडच्या साक्षीदारांच्या सह्या त्याच दिवशी नोंदवा. सर्व विवाहांची नोंदणी सक्तीची करावी, असे निर्देश सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली दिले आहेत, आणि महाराष्ट्रात विवाह नोंदणीचा कायदा १९९८ चा आहे. तेव्हा सरकारी नोंदणीही टाळू नका. मुलीच्या बापाने हुंडा देण्यापेक्षा तिच्या हाती या दोन कागदांच्या प्रती द्याव्यात.

भगिनींना वेगळे सांगायचे ते एवढेच की, या संपादक मंडळावर मुली निम्म्याहून कमी असता कामा नयेत. या कायद्याचा भार ज्यांच्यावर सर्वाधिक पडतो, त्यांनीच त्यातील पाने तपासावीत.

मंडळाने मनावर घेतले तर पुढील स्मरणिकेच्या आधी पहिला अंक निघू शकतो. आम्ही तपासणीच्या कामाला हजर राहू. लिहिणे मात्र तुमचे. पहिला अंक पातळ असेल, त्यात उणिवा असतील. पण वस्तीतील कोणत्या विवाहाला कोणता पुरावा आहे, एवढे जरी त्याने नीट लिहून ठेवले, तरी उद्या न्यायालयाच्या पायरीवर उभ्या असलेल्या एखाद्या लेकीला रिकाम्या हाताने परतावे लागणार नाही. ज्या विद्यार्थ्यांना हे काम करावयाचे आहे, त्यांनी आज सभा संपल्यावर मंडळाच्या कार्यवाहांकडे आपली नावे द्यावीत.



जयभीम!